आणीबाणीचें दफ्तर कोणाचें?

जून २०२५ मध्यें आणीबाणीला पन्नास वर्षें पुरीं झालीं. सभा झाल्या, व्याख्यानें झालीं, वर्तमानपत्रांनीं रकाने भरले. त्याच्या आदल्याच वर्षीं केंद्र सरकारनें २५ जून हा दिवस ‘संविधान हत्या दिवस’ म्हणून पाळण्याचें जाहीर केलें होतें. महाराष्ट्र सरकार तर २०१८ पासून, मध्यंतरींचा कांहीं काळ सोडला तर, त्या वेळच्या बंदिवानांना मासिक मानधनहि देत आलें आहे. एवढा गाजावाजा झाला. परंतु ज्या एका गोष्टीनें या साऱ्या आठवणींना पुराव्याचें बळ आलें असतें, ती गोष्ट करण्याचें कोणाच्याहि मनांत आलें नाहीं. त्या एकवीस महिन्यांत कोणत्या नागरिकाविषयीं गुप्त पोलिसांनीं काय लिहून ठेवलें, कोणाच्या सांगण्यावरून लिहिलें, आणि त्या लिखाणावर कोणत्या अधिकाऱ्यानें काय शेरा मारला, तें दफ्तर आजहि लोकांना बंद आहे. बंदिवानाला सरकार पैसे देतें, त्याचा कागद देत नाहीं. आमच्या मतें हा व्यवहार उलटा आहे, आणि तो मुकाट्यानें चालूं देणें सुशिक्षित समाजाला शोभत नाहीं.

ही गुप्तता मुळांत कोठून आली तें पाहिलें म्हणजे प्रश्नाचा अर्धा उलगडा होतो. ‘मिसा’ या नांवानें कुप्रसिद्ध झालेला कायदा १९७१ चा. स्थानबद्ध माणसाला त्याच्या अटकेचीं कारणें कळवावीं, एवढी तरी लाज त्या कायद्यांत प्रथम शिल्लक होती. आणीबाणी पुकारल्यावर त्यांत ‘१६-अ’ हें कलम घुसडण्यांत आलें, आणि पुढें त्याच कलमाला अशी पुरवणी जोडण्यांत आली कीं, अटकेचीं कारणें गोपनीय मानावीं, तीं राज्यकारभाराच्या बाबींपैकीं आहेत असें समजावें, आणि तीं उघड करणें लोकहिताच्या विरुद्ध आहे असें धरून चालावें. वाचकांनीं या शब्दरचनेकडे नीट लक्ष द्यावें. एखादें कारण खरोखरच गुप्त ठेवण्याजोगें आहे कीं नाहीं, हा प्रश्न विचारण्याची सोयच येथें ठेवलेली नाहीं. सगळींच कारणें गुप्त! एखाद्या शाळामास्तराला पहांटे चार वाजतां उठवून येरवड्याला नेलें, तर कां नेलें हें त्याला कळतां कामा नये, त्याच्या वकिलाला कळतां कामा नये, आणि ज्याच्यापुढें दाद मागावयाची त्या न्यायाधीशालाहि कळतां कामा नये. तें ठाऊक असणार तिघांना: लिहिणाऱ्या फौजदाराला, खालीं सही करणाऱ्या अधिकाऱ्याला, आणि ज्याच्या कानगोष्टीवरून तें लिहिलें गेलें त्या अज्ञात गृहस्थाला.

२८ एप्रिल १९७६ रोजीं सर्वोच्च न्यायालयानें चार विरुद्ध एक अशा बहुमतानें या व्यवस्थेपुढें मान तुकविली. विरुद्ध मत देणारे न्यायमूर्ति हंसराज खन्ना यांना त्याची किंमत सरन्यायाधीशपद गमावून द्यावी लागली. बहुमतांत पुण्यांत जन्मलेले न्यायमूर्ति यशवंत विष्णु चंद्रचूड हेहि होते, ही गोष्ट पुणेकरांनीं विसरण्याचें कारण नाहीं. आणि २०१७ सालीं तोच निकाल मोडीत काढणाऱ्या नऊ जणांच्या पीठांत मुख्य निकालपत्र लिहिणारे त्यांचेच चिरंजीव होते, हेंहि विसरण्याचें कारण नाहीं. मिसा तर १९७८ सालींच रद्द झाला होता. सारांश, तो कायदा आज नाहीं, त्याला उचलून धरणारा निकाल आज नाहीं, तो करणारें सरकार तर १९७७ च्या निवडणुकींत लोकांनीं हाकलून दिलें. मग त्या कायद्यानें जन्माला घातलेली गुप्तता तेवढी कोणत्या अधिकारानें जगते आहे? शहा आयोगानें दिलेल्या आंकड्यांप्रमाणें मिसाखालीं ३४,९८८ आणि भारत संरक्षण नियमांखालीं ७५,८१८ माणसें धरलीं गेलीं. त्यांपैकीं बहुतेकांनीं आपल्या अटकेचें खरें कारण कधींच वाचलें नाहीं. त्यांतले जे आज हयात आहेत ते सत्तरी-ऐंशी ओलांडलेले आहेत. दरवर्षीं त्यांची संख्या घटत आहे, आणि सरकारला बहुधा तेंच सोयीचें वाटत असावें.

बंद दफ्तर ही वस्तु पुण्याला नवी नाहीं. मराठी राज्य बुडाल्यावर पेशव्यांचें दफ्तर इंग्रजांच्या हातीं गेलें. इनाम कमिशनच्या काळांत तेंच दफ्तर इंग्रजांनीं खुशाल धुंडाळलें, कारण लोकांचीं इनामें तपासून खालसा करण्यास तें उपयोगी होतें. परंतु त्याच कागदांवरून आपल्या पूर्वजांचा इतिहास लिहावा असें एखाद्या पुणेकराच्या मनांत आलें, म्हणजे मात्र दार लोटलें जाई. इनामांचे तंटे नव्यानें उपस्थित होतील, नसते हक्क सांगितले जातील, अशी सबब असे. विश्वनाथ काशिनाथ राजवाडे १८९८ पासून इतिहासाचीं साधनें छापूं लागले, तीं गांवोगांव हिंडून, वाड्यांच्या माळ्यांवरून आणि पेटाऱ्यांच्या तळांतून गोळा केलेलीं. १९१० सालीं भारत इतिहास संशोधक मंडळ निघालें तेंहि लोकांच्या घरच्या कागदांवर. आणि हाकेच्या अंतरावर खुद्द पेशवाईचें दफ्तर कुलुपांत! अखेर गोविंद सखाराम सरदेसाई यांच्या हातून १९३० ते १९३४ या काळांत निवडक पेशवे दफ्तराचे पंचेचाळीस खंड बाहेर पडले. त्यानंतर कोणतें इनाम उलटलें? कोणती बंडाळी माजली? कांहीं नाहीं. मराठ्यांच्या इतिहासाविषयीं कांहीं गोड समजुती ढासळल्या, कांहीं निंद्य मानलेल्या माणसांची अब्रू सावरली, आणि पुण्यांत वादविवादांना पन्नास वर्षें पुरेल इतकें खाद्य मिळालें.

या हकीकतींत आमच्या मुद्द्याचें मर्म आहे. ज्याला आपण बंद दफ्तर म्हणतों तें कधींच सर्वांना बंद नसतें. तें एका पक्षाला सदैव उघडें असतें. इनाम कमिशनला पेशवे दफ्तर उघडें होतें, राजवाड्यांना नव्हतें. आजच्या गुप्तवार्ता खात्याला आणीबाणीचे कागद उघडे आहेत, ज्याच्याविषयीं ते लिहिले त्याला नाहींत.

परकी राजवटीची गोष्ट निराळी आणि स्वराज्याची निराळी, असें कोणी म्हणेल. ठीक आहे, तीच तुलना करून पाहूं. मधु लिमये १९२२ सालीं पुण्यांत जन्मले. इंग्रजांनीं त्यांना १९४० सालीं युद्धविरोधी भाषणासाठीं तुरुंगांत टाकलें आणि १९४३ सालीं पुन्हां. १९५५ च्या सत्याग्रहांत ते गोव्यांत शिरले. पोर्तुगीजांच्या लष्करी न्यायालयानें त्यांना बारा वर्षांची शिक्षा ठोठावली आणि १९५७ मध्यें ते सुटले. १९७५ सालीं ते मिसाखालीं मध्यप्रदेशांतील तुरुंगांत पडले. एक माणूस, तीन राजवटी, आणि तिन्ही राजवटींच्या पोलिसांची त्यांच्यावर नजर. आतां या तीन राजवटींचीं दफ्तरें आज कोणत्या स्थितींत आहेत? इंग्रजांच्या गुप्त पोलिसांचीं टिपणें मुंबईच्या, दिल्लीच्या आणि लंडनच्या दफ्तरखान्यांत अभ्यासकांना पाहावयास मिळतात. इतकेंच नव्हे, तर १९५७ पासून मुंबई सरकारनें स्वतःच्या खर्चानें स्वातंत्र्यचळवळीच्या इतिहासाचीं साधनें म्हणून जी माला छापली, तिच्यांत टिळकांवर पाळत ठेवणाऱ्यांचे अहवालच छापून काढले आहेत. लोकमान्यांच्या सभेला कोण होतें, कोण काय बोललें, हें आज आपण वाचतों तें पुष्कळदां त्या हेरांच्या कृपेनें.

पोर्तुगालचें पाहा. सालाझारच्या राजकीय पोलिसांना ‘पीडे’ म्हणत. २५ एप्रिल १९७४ रोजीं ती राजवट कोसळली, त्यांचें दफ्तर पुढें लिस्बनच्या ‘तोर्रे दो तोंबो’ या राष्ट्रीय दफ्तरखान्यांत गेलें, आणि १९९४ पासून तें अभ्यासकांना व संबंधित नागरिकांना खुलें झालें. गोव्याच्या तुरुंगांत मार खाल्लेल्यांना कासिमिरो मोंतेरो हें नांव सांगावें लागत नाहीं. तोच मोंतेरो १९६५ सालीं जनरल देल्गादो यांच्या खुनांत होता, हें पोर्तुगालांत राजवट बदलल्यावर खटला चालून उघडकीस आलें. आपल्याकडे छळ करणारा मनुष्य पुढें कोठें गेला, याचें उत्तर आपल्याला परक्यांनीं दिलें! मोहन रानडे यांना त्या राजवटीनें १९५५ पासून १९६९ पर्यंत अडकवून ठेवलें, त्यांतलीं पुष्कळ वर्षें लिस्बनजवळच्या काशियासच्या किल्ल्यांत. अशा माणसाचा नातू आज लिस्बनला जाऊन सालाझारचे पोलिस आपल्या आजोबांविषयीं काय म्हणत होते हें विचारूं शकतो. पण आजोबांना १९७५ सालीं पुण्यांत कां धरलें, असें दुसऱ्या एखाद्या नातवानें येथल्या कचेरींत विचारलें, तर त्याला काय उत्तर मिळेल? इंग्रजाचें दफ्तर उघडें, पोर्तुगीजाचें उघडें, आणि बंद काय तें स्वराज्याचें. यावर अभिमान बाळगणाऱ्यांनीं खुशाल बाळगावा.

आक्षेपांपैकीं सर्वांत जड आक्षेप खबऱ्यांचा आहे, आणि तो पुणेकरांच्या तोंडीं विशेष शोभतो. १८९७ सालीं रँडच्या खुनानंतर चाफेकरांचा सुगावा देणारे द्रविड बंधु फेब्रुवारी १८९९ मध्यें याच शहरांत गोळ्यांना बळी पडले, आणि त्यापायीं आणखी तरुण फांसावर चढले. नांवें बाहेर आलीं म्हणजे रक्त सांडतें, हा धडा आमच्याच गल्लीबोळांतला आहे, असें म्हणतां येईल. परंतु तो धडा नीट वाचला पाहिजे. द्रविडांचें नांव कांहीं दफ्तर उघडल्यानें फुटलें नाहीं. सूडाची आग धगधगत असतांना, बक्षिसाचा बोभाटा झालेला असतांना तें सर्वांच्या तोंडीं होतें. येथें मध्यें पन्नास वर्षें गेलीं आहेत. शिवाय ज्या देशांत याच्या शतपट हेरगिरी झाली तेथला अनुभव आपल्यापुढें आहे. पूर्व जर्मनीच्या ‘स्टासी’चें दफ्तर एका ओळींत मांडलें तर शंभर किलोमीटरांहून अधिक भरतें. १५ जानेवारी १९९० रोजीं लोक बर्लिनच्या त्या कचेरींत घुसले, १९९१ अखेर कायदा झाला, आणि तेव्हांपासून लक्षावधि लोकांनीं आपापले कागद वाचले. कित्येकांना कळलें कीं आपल्यावर टिपणें लिहिणारा आपला जिवलग मित्र होता. एका बाईला तर आपला नवराच निघालेला दिसला. संसार मोडले, मैत्र्या तुटल्या, हें खरें. पण रस्त्यांत मुडदे पडतील असें भविष्य ज्यांनीं केलें होतें तें खोटें ठरलें. त्याच सुमारास, १९८९ सालीं, ग्रीसनें उलट मार्ग धरला: सलोख्याच्या नांवाखालीं नागरिकांवरच्या पोलिसी फायली भट्टींत जाळून टाकल्या. त्या राखेबरोबर छळणाऱ्यांचीं नांवें गेलीं आणि छळलेल्यांचे पुरावेहि गेले. तेथले इतिहासकार अजून त्याबद्दल हळहळतात.

तरीहि आम्ही एवढें मान्य करतों कीं सर्व कागद सरसकट चव्हाट्यावर मांडणें योग्य होणार नाहीं. पोलिसांनीं टपाल फोडलें, तुरुंगांतलीं पत्रें वाचलीं, घरगुती गोष्टी टिपल्या. एखाद्या बंदिवानाच्या पत्नीनें मुलाच्या आजाराविषयीं लिहिलेलें पत्र नक्कल करून फायलींत लावलेलें असेल. तें छापण्याचा हक्क कोणा संशोधकाला नाहीं, आम्हांलाहि नाहीं. परंतु तें पत्र त्या बाईला किंवा तिच्या मुलाला परत देण्यांत कोणत्या राष्ट्राची कोणती हानि आहे? चार पैशांसाठीं किंवा भीतीपोटीं बातमी पुरविणारा एखादा हॉटेलवाला वा कारकून हयात असेल, तर त्याचें नांव शाईनें झांकावें. आमची तक्रार नाहीं. झांकतां येणार नाहीं तें सही करणाऱ्याचें नांव. अधिकाराच्या खुर्चींत बसून ज्यानें माणसाचें स्वातंत्र्य एका ओळीनें काढून घेतलें, त्याला खाजगीपणाचा आडोसा देणें ही दया नव्हे, तर भागीदारी आहे.

दुसरा आक्षेप थोडा धूर्त आहे: गुप्त पोलिसांचे कागद खोट्यानाट्यानें भरलेले असतात, ते उघडून लोकांची दिशाभूल कां करावी? यांतलें पहिलें वाक्य आम्हांला संपूर्ण मान्य आहे, आणि म्हणूनच ते उघडले पाहिजेत. दिल्लींत कित्येक प्रकरणांत आधीं माणूस धरला आणि कारणें मागाहून रचलीं, हें शहा आयोगापुढें आलेंच आहे. पुण्यांत, नाशिकांत, नागपुरांत काय घडलें? ज्याच्यावर खोटें लिहिलें गेलें त्याला तें खोडण्याची संधि त्याच्या हयातींतच मिळावयास नको काय? उद्यां, आणखी पन्नास वर्षांनीं, हीं दफ्तरें कधींतरी उघडतीलच. तेव्हां तीं खोटीं म्हणून सांगणारा एकहि साक्षीदार उरलेला नसेल, आणि फौजदाराचें टिपण तेवढें इतिहास म्हणून उरेल. साहित्याच्या वाचकांना जवळचें उदाहरण देतों. डिसेंबर १९७५ मध्यें कऱ्हाडच्या साहित्य संमेलनांत अध्यक्षा दुर्गाबाई भागवत यांनीं जयप्रकाशांच्या प्रकृतीसाठीं प्रार्थना करण्यास सभेला सांगितलें. व्यासपीठावर स्वागताध्यक्ष म्हणून केंद्रांतील मंत्री यशवंतराव चव्हाण होते. पुढें १९७६ सालीं दुर्गाबाईंना अटक झाली. त्या सभेंतून पोलिसांकडे काय टिपण गेलें, त्यांत उभ्या राहिलेल्या साहित्यिकांचीं नांवें होतीं कीं बसून राहिलेल्यांचीं, हें मराठी वाङ्मयाच्या इतिहासकाराला कळूं नये काय? दुर्गाबाई २००२ सालीं गेल्या.

राष्ट्राच्या सुरक्षिततेचा आक्षेप आम्ही फार वेळ घेणार नाहीं, कारण तो करणाऱ्यांचाहि त्यावर फारसा विश्वास दिसत नाहीं. सुभाषबाबूंविषयींच्या फायली उघडल्यास परराष्ट्रांशीं संबंध बिघडतील असें आपल्याला कित्येक वर्षें ऐकविण्यांत आलें. २०१५ सालीं पश्चिम बंगालनें चौसष्ट फायली सोडल्या, २३ जानेवारी २०१६ रोजीं केंद्रानें शंभर सोडल्या. परराष्ट्रें जागच्या जागीं राहिलीं. उघड झालें तें इतकेंच कीं स्वतंत्र हिंदुस्थानच्या गुप्तचरांनीं १९४८ पासून वीस वर्षें बोस कुटुंबाचीं पत्रें फोडलीं. लपविण्याजोगें होतें तें हेंच.

मग खरें कारण काय? आमच्या समजुतीप्रमाणें, प्रत्येक सरकार आपल्या पूर्वीच्या सरकारचा निषेध करतें, पण त्याचें हत्यार मात्र जपून ठेवतें. काँग्रेसनें हें दफ्तर उघडलें नाहीं हें समजण्यासारखें आहे. परंतु १९७७ सालीं जनता सरकारच्या हातीं सत्ता होती, त्यानंतर आणीबाणींत तुरुंग भोगलेलीं माणसें दिल्लींत व मुंबईंत कित्येकदां मंत्री झालीं; त्यांनीं तरी काय केलें? सरसंघचालक बाळासाहेब देवरस यांनीं येरवड्यांतून इंदिराबाईंना लिहिलेल्या पत्रांवरून आजहि दोन्हीकडून चिखलफेक चालते. एक पक्ष त्यांना शरणागति म्हणतो, दुसरा मुत्सद्देगिरी. पत्रांचा मजकूर प्रसिद्ध आहे. पण सरकारनें त्यांवर काय विचार केला, कोणत्या अटी मनांत धरल्या, समाजवाद्यांपैकीं, कम्युनिस्टांपैकीं, काँग्रेसमधल्या कुरकुरणाऱ्यांपैकीं आणखी कोणाच्या अर्जांवर काय शेरे पडले, हें कळल्यावांचून या वादाला अर्थ नाहीं. सर्व पक्षांना आपापलें धैर्य जाहीर करावयाचें आहे, आणि सर्वांना दफ्तराची थोडीफार धास्ती आहे. शहा आयोगाच्या छापील अहवालाचेंहि काय झालें तें पाहा. १९८० नंतर त्याच्या प्रती इतक्या दुर्मिळ झाल्या कीं इरा सेझियन यांनीं आपल्याजवळच्या प्रतीवरून २०१० सालीं तो पुन्हां छापून काढला. सरकारी अहवाल वांचविण्याचें काम एका म्हाताऱ्या खासदारानें करावें!

कायद्यांत वाट नाहीं असेंहि नाहीं. १९९३ च्या सार्वजनिक अभिलेख कायद्यानें जुने कागद दफ्तरखान्यांत देण्याची आणि अभ्यासकांना दाखविण्याची तरतूद केली. मात्र ज्यावर ‘गोपनीय’ असा शिक्का आहे तो कागद वगळला, आणि शिक्का काढण्याचें काम शिक्का मारणाऱ्याच खात्याकडे ठेवलें. २००५ च्या माहितीच्या अधिकाराच्या कायद्यानें कलम २४ खालीं गुप्तचर संस्थांना मोकळें सोडलें, राज्यांनाहि तसें करण्याची मुभा दिली. पण त्याच कलमांत अपवाद आहे कीं मानवी हक्कांच्या भंगाच्या आरोपासंबंधीं माहिती असेल तर ती माहिती आयोगाच्या संमतीनें द्यावी. चौकशीवांचून, कारण न सांगतां एकोणीस-एकोणीस महिने डांबून ठेवणें हा जर मानवी हक्कांचा भंग नसेल, तर सरकार त्याच माणसांना मानधन तरी कशाचें देतें? हा अपवाद वापरून पुण्यांतील हयात बंदिवानांनीं, आणि जे गेले त्यांच्या मुलांनीं, एकेकट्यानें नव्हे तर शेंकड्यांनीं अर्ज करावे. वकिलांनीं ते फुकट लिहून द्यावे. इतिहास संशोधक मंडळासारख्या संस्थांनीं त्यांच्या पाठीशीं उभें राहावें.

राज्य सरकारकडे आमची मागणी याहून सोपी आहे. जून १९७५ ते मार्च १९७७ या काळांतील पोलिसांच्या विशेष शाखेचे, गुप्तवार्ता विभागाचे आणि जिल्हाधिकाऱ्यांच्या कचेऱ्यांतील स्थानबद्धतेचे कागद किती उरले आहेत आणि कोठें आहेत, याची यादी प्रथम छापावी, आणि ती छापून होईपर्यंत त्यांतला एकहि कागद निकालांत काढूं नये. मग ज्याचा कागद त्याला किंवा त्याच्या वारसांना नकलेसह द्यावा. उरलेलें सर्व पुराभिलेख संचालनालयाच्या स्वाधीन करावें. त्या संचालनालयाची पुण्यांतली कचेरी म्हणजे तेंच पेशवे दफ्तर आहे. मोडी रुमालांच्या शेजारीं दोन-चार कपाटांना जागा तेथें सहज निघेल.